पेटी कुणी भरायची?

(वडोद्यात दांडिया बाजारातल्या एका वाचक गटापुढे मराठी भाषा गौरव दिनी केलेल्या भाषणाचा संपादित मजकूर)

मंडळी, बोलावताना मला सांगितलं होतं, 'ताई, काय वाचावं त्याची एक छानशी यादी घेऊन या.' मी यादी आणलेली नाही. बँकेत पस्तीस वर्षं काढलेल्या बाईला याद्यांचा कंटाळा असतो, हे एक कारण. दुसरं म्हणजे, याच गटाने मागे काढलेली 'वाचायलाच हवीत' अशा पुस्तकांची यादी माझ्या फ्रिजवर चुंबकाखाली अजून लटकते आहे. तिच्यातली किती वाचून झाली? यादी हातात पडण्याआधी जेवढी वाचलेली होती, तेवढीच. हसताय म्हणजे तुमच्याही फ्रिजवर आहे.

तेव्हा आज यादी नाही. एका पेटीची गोष्ट सांगते.

आपल्या मांडवीजवळच्या सेंट्रल लायब्ररीत पाहुण्यांना नेलं की आपण सगळे पहिल्यांदा काचेची जमीन दाखवतो. पुस्तकांच्या मांडण्यांमधून चालताना पायाखाली जाड काच, उजेड खालच्या मजल्यापर्यंत झिरपावा म्हणून. लहानपणी वडिलांचा हात धरूनसुद्धा मी त्या काचेवर पाय ठेवायला तयार नसे. ती काच बघण्यासारखी आहेच. पण त्या लायब्ररीची खरी करामत शहराच्या बाहेर चालत होती, आणि ती दाखवायला आता तिथे काही उरलेलं नाही, म्हणून तिच्याबद्दल कुणी बोलत नाही.

सयाजीराव महाराज १९०६ साली अमेरिकेत गेले. तिथली सार्वजनिक वाचनालयं त्यांनी पाहिली, आणि १९१० मध्ये न्यू हेवनहून विल्यम बोर्डन नावाच्या ग्रंथपालालाच इथे घेऊन आले. बोर्डनसाहेब तीन वर्षं राहिले. त्यांनी १९११ मध्ये ग्रंथपालांना शिकवायचा वर्ग काढला. १९१२ मध्ये इथून ग्रंथालयांविषयीचं एक त्रैमासिक निघायला लागलं, इंग्रजी, गुजराती आणि मराठी अशा तिन्ही भाषांत. राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचं झालं होतं. पोरं वाचायला शिकत होती, पण शिकून वाचायचं काय? खेडोपाडी पुस्तकाचं दुकान नव्हतं. मोतीभाई अमीन आधीपासूनच गावोगाव वाचनालयं उभी करत हिंडत होते, महाराजांनी गावांकडचं काम त्यांच्याकडे सोपवलं. जिथे वाचनालयही नाही तिथे जायची पेटी. लाकडी, भक्कम, आत पंधरा ते तीस पुस्तकं. रेल्वेत चढवायची, गावात कुणाच्या तरी हवाली करायची, काही महिने राहू द्यायची, मग ती पुढच्या गावाला आणि या गावाला दुसरी.

आता यातली गंमत बघा. गावाने ती पुस्तकं निवडलेली नव्हती. शहरात कुणीतरी बसून गावाचा विचार करून पेटी भरली होती. ज्याला कीर्तनातलं आख्यान हवं होतं त्याच्या हाती आरोग्याचं पुस्तक पडलं असेल, ज्याला शेतीचं हवं होतं त्याच्या हाती गोष्ट. तो हळहळला असेल, आणि दुसरं काही नव्हतं म्हणून त्याने तेच वाचलं असेल. ही माझी कल्पना आहे. पण चाळीत वाढलेल्या माणसाला ती करायला जड जात नाही. रद्दीत आलेला कागदसुद्धा आम्ही उलटून वाचायचो.

आज माझी पेटी मी भरते, नाहीतर माझा फोन भरतो. फोनचं डोकं असं की, मी एकदा मधुमेहावरचं पुस्तक मागवलं. तेव्हापासून तो मला मधुमेहाखेरीज काही वाचू देत नाही. आधी आहार, मग योगासनं, मग पायांची निगा. तो मला ओळखतो, पण आजारी म्हणून ओळखतो. आणि मी स्वतः निवडायला बसले तर आणखी वाईट, मी परत परत मलाच निवडते. आमच्या पिढीत हे फार आहे. ऐतिहासिक कादंबऱ्यांवाले आयुष्यभर पेशवाईतून बाहेर येत नाहीत. आत्मचरित्रवाले कादंबरीला 'खोटं कशाला वाचायचं' म्हणतात. आणि कादंबरीवाले बाकी सगळ्याला 'अभ्यासाचं' म्हणतात, जणू परीक्षा आहे. त्यात आपण शब्दही असा केलाय, 'ललितेतर'. जे ललित नाही ते. म्हणजे जेवणाला 'उपास नसलेलं' म्हणण्यासारखं झालं!

मी स्वतः कादंबरीवाली. तिथून बाहेर पडले ती सेव उसळीच्या वाटेने.

झालं असं की मुंबईचा भाचा आला होता. सेव उसळ, म्हणजे वाटाण्याची उसळ वर शेव घालून, खाताना त्याने विचारलं, 'मावशी, ही मराठी की गुजराती?' मी ठरलेलं उत्तर दिलं, उसळ आमची, शेव त्यांची. पण रात्री वाटलं, आपण हे कशाच्या आधारावर बोललो? मग मी खाण्याच्या इतिहासाचं जे मिळेल ते वाचत सुटले. उसळीचा उगम मला आजतागायत सापडलेला नाही. पण प्रत्येक पुस्तकात तळटिपेत एक नाव येत राहिलं, 'मानसोल्लास'. बाराव्या शतकातला संस्कृत ग्रंथ, कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने रचलेला. शंभर अध्याय. राजाने काय खावं, मासे कसे धरावे, हत्ती कसे पकडावे, गाणं कसं असावं, सगळं. आणि छापला कुणी? आपल्या वडोद्याने. १९१६ साली सुरू झालेल्या गायकवाड ओरिएंटल सिरीजमध्ये, तीन भागांत. संपादक श्रीगोंदेकर, पहिला भाग १९२५ चा. म्हणजे मी ज्या गावात जन्मले त्याच गावाने छापलेला ग्रंथ मला साठी उलटल्यावर तळटिपेत भेटला.

संस्कृत माझं शाळेपुरतं. शाळेत संस्कृत शिकवून निवृत्त झालेल्या एका बाईंना मी चहाला बोलावलं, आणि तो चहा पाच महिने चालला. उडदाची इड्डरिका, डाळीचे धोसक, वटक ही नावं वाचताना आम्ही दोघी हसायचो, कारण ही तर आपली उडप्याकडची ऑर्डर. मग शेतातले काळे उंदीर गरम तेलात कसे तळावे ते आलं, आणि त्या दिवशी बाईंनी बिस्किट परत ठेवलं.

खाणं संपलं म्हणून मी थांबणार होते. बाई म्हणाल्या, थांबा, गाण्याचा भाग तरी बघू. तिथे सोमेश्वर राजा सांगतो की महाराष्ट्रात बायका कांडताना ओवी गातात. मंडळी, मी वाटाण्याच्या मागे निघाले होते आणि पोचले आजीच्या जात्यापाशी! त्यानंतर साने गुरुजींनी जमवलेल्या ओव्यांचं 'स्त्रीजीवन' आणलं. त्यानंतर कळलं की अलीकडच्या काळात लोकांनी महाराष्ट्रातल्या खेड्यांत फिरून जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या टिपून ठेवल्या आहेत, आणि त्यातल्या कितीतरी इंटरनेटवर ऐकायलाही मिळतात. मग ऐकतच बसले. त्यात सासर आहे, भाऊ आहे, विठोबा आहे, आंबेडकर आहेत. ज्या कादंबऱ्या मी आयुष्यभर वाचल्या त्यांतल्या बायका अशा का बोलत नाहीत, हा प्रश्न मला तिथे पडला. आता कादंबरी वाचताना तो प्रश्न शेजारी बसलेला असतो.

तळटिपा वाचा, असं सांगितलं की लोक दचकतात. पण लेखकाने स्वतः काय वाचलं ते त्याने तिथे लिहून ठेवलेलं असतं, आणि दुसऱ्याच्या कपाटात डोकावणं कुणाला आवडत नाही? आपला मराठी विश्वकोश घ्या. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींनी वाईत बसून उभा केला, आता फोनवरही वाचता येतो. नोंदीच्या शेवटी संदर्भांची नावं असतात. मी नोंद कधीकधी वरवर वाचते, शेवट मात्र सोडत नाही.

दुसरी एक खोड मला लागली आहे, ती म्हणजे दोन पुस्तकं जोडीने वाचायची, एक कल्पनेतलं आणि एक घडलेलं. जोडी विषयाने जुळते, वर्षानेही जुळते. बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन' ही मराठीतली पहिली कादंबरी मानतात, छापली १८५७ मध्ये. यमुना नवऱ्याबरोबर प्रवासाला निघते आणि वाटेत विधवांची दुःखं बघत जाते. त्याच १८५७ मध्ये कोकणातल्या वरसईचे विष्णुभट गोडसे दक्षिणा मिळवायला उत्तरेकडे निघाले आणि बंडात सापडले. त्यांचा 'माझा प्रवास' पुढे १९०७ मध्ये चिंतामणराव वैद्यांनी प्रसिद्ध केला. एकाच वर्षातले दोन मराठी प्रवास. मजा अशी की घडलेला प्रवास कादंबरीसारखा थरारक आहे, आणि कादंबरीत जागोजाग प्रवचन लागतं. मला विचाराल तर आधी गोडसे भटजी वाचा. यमुनेकडे नंतर जा, पण जा. एरवी कंटाळून सोडली असती ती कादंबरी मी गोडसे भटजींमुळे शेवटापर्यंत नेली, कारण भटजींच्या पुस्तकात न दिसणाऱ्या बायका तिच्यात दिसतात.

आता आपल्या वडोद्याच्या मराठी माणसांबद्दल एक तक्रार. आमच्या घरात खिडकीला बारी म्हणतात, भाजीवाल्याशी आपण गुजरातीत भांडतो, आणि वाचायची वेळ आली की म्हणतो, 'गुजराती? वाचता येतं हो, पण वाचत नाही.' का? लिपीत क, ख, ज, ब अशी थोडीच अक्षरं वेगळी आणि डोक्यावर रेघ नाही, एवढंच. ड्युई नावाच्या अमेरिकन माणसाने पुस्तकांना आकडे द्यायची पद्धत काढली, तिच्यात मराठी साहित्याला ८९१.४६ मिळाला आणि गुजरातीला ८९१.४७. त्या पद्धतीने लावलेल्या लायब्ररीत मराठीचं शेवटचं पुस्तक संपलं की शेजारी गुजरातीचं पहिलं. दांडिया बाजारात आपले शेजारी आहेत तसंच! आपण 'कादंबरी' म्हणतो, बाणभट्टाच्या नायिकेवरून. ते 'नवलकथा' म्हणतात. मला त्यांचा शब्द जास्त आवडतो, पण हे तुम्ही बाहेर सांगू नका.

काका कालेलकर साताऱ्यात जन्मले, १८८५ साली. काही काळ आपल्या वडोद्यात गंगनाथ विद्यालयात होते. पुढे इतकं सुंदर गुजराती लिहू लागले की गांधीजींनी त्यांना 'सवाई गुजराती' म्हटलं, आणि १९६५ चं साहित्य अकादमी पारितोषिक त्यांना मिळालं ते गुजराती पुस्तकासाठी. साताऱ्याच्या माणसाला जमलं. आपण तर इथेच जन्मलो. त्यांच्या 'हिमालयनो प्रवास'पासून सुरुवात करा. पायी चालणाऱ्या माणसाचं पुस्तक आहे, नवशिक्याच्या चालीने वाचलं तरी चालतं. त्यानंतर गांधीजींची आत्मकथा मूळ गुजरातीत घ्या. ती 'नवजीवन'मध्ये आठवड्याला एक प्रकरण अशी यायची, त्यामुळे प्रकरणं लहान आहेत. मराठी अनुवाद घरात असताना मी मूळ उघडलं, आणि गांधीजी इतके साधे बोलतात हे मला तेव्हा कळलं.

आता पेटीकडे परत. तीन वर्षांपूर्वी आमच्या सोसायटीत मी एक डबा सुरू केला. तांदळाचा, पत्र्याचा, झाकणाचा. ज्याच्याकडे डबा येईल त्याने आतली पुस्तकं काढून घ्यायची, आपली तीन भरायची आणि पुढच्या घरी द्यायचा. एक कथा-कादंबरी, एक कथा नसलेलं, आणि तिसरं आपण अर्धवट सोडलेलं. तिसऱ्यात चिठ्ठी घालायची, मत लिहायचं नाही, फक्त कुठल्या पानावर सोडलं ते. हे तिसरंच सगळ्यात जास्त वाचलं गेलं. ज्या पानावर जोशीकाकू थांबल्या ते पान ओलांडायची लोकांना ईर्ष्याच असते.

सगळं सुरळीत चाललं असं समजू नका. एका घरी डबा चार महिने अडकला. चौकशीला गेले तर त्यात खरोखरच तांदूळ भरलेले. एक पुस्तक हळदीच्या बोटांसकट परत आलं. कित्येक नुसती फिरून आली, न उघडता.

पण आमच्या मजल्यावरचे एक काका आहेत, पेशवाईवाले. त्यांच्या वाट्याला मधमाश्यांवरचं पुस्तक आलं. त्यांनी ते आठवडाभर टीपॉयवर उपडं ठेवलं होतं. मग एके रात्री दहा वाजता माझा फोन वाजला. 'ताई, झोपलात? अहो, ही माशी पोळ्यावर येऊन नाचते! मध सूर्यापासून किती तिरपा, तेवढाच तिरपा नाच करते! आणि ज्याने हे शोधलं त्या फॉन फ्रिशला नोबेल मिळालंय, १९७३ मध्ये!' मी म्हटलं, काका, मला माहीत आहे, ते पुस्तक मीच टाकलं होतं. ते म्हणाले, 'ते असू दे. पण पोळ्यात तर अंधार असतो, मग बाकीच्यांना नाच दिसतो कसा?' मला उत्तर येत नव्हतं. दुसऱ्या दिवशी ते लायब्ररीत गेले, आणि या वयात पहिल्यांदा शास्त्राच्या कपाटापाशी उभे राहिले. पेशवाई सुटली नाही, आता जोडीला माश्या आहेत.

तो डबा मी आज बरोबर आणलाय. बाहेर चपलांच्या शेजारी ठेवलेला आहे. आत नऊ पुस्तकं आहेत, पाच मराठी, तीन गुजराती आणि एक हिंदी. जाताना न बघता हात घाला, पहिलं लागेल ते उचला. बदलून मिळणार नाही. झाकण जरा घट्ट बसलंय, चमच्याच्या दांड्याने उचकटा, चमचा वरच ठेवला आहे.