कागद वाचणारे, इमारत सांभाळणारे

नमस्कार, श्रोतेहो.

पुण्यातल्या कुठल्याही दुय्यम निबंधक कार्यालयात, म्हणजे आपण ज्याला हवेली क्रमांक अमुक म्हणतो तिथे, कामाच्या दिवशी अर्धा तास बसून बघा. घर घेणारे आणि देणारे दोन-चारच असतात. बाकीची गर्दी कामाच्या माणसांची. मुद्रांक शुल्काचं चलन भरून आलेला वकिलांचा सहायक, बिल्डरच्या ऑफिसातली दस्तऐवज बघणारी मुलगी, कर्ज दिलेल्या बँकेचा प्रतिनिधी, फोटो आणि अंगठा घेणारा ऑपरेटर. त्याआधी कुणीतरी जमीन मोजलेली असते, कुणीतरी तिचे जुने व्यवहार शोधलेले असतात, नकाशा काढलेला असतो, किंमत ठरवलेली असते. एका फ्लॅटवर इतक्या जणांचे हात फिरतात.

तरीही एखाद्या मुलानं घरात सांगितलं, की मला रिअल इस्टेटमध्ये काम करायचंय, तर आईवडिलांच्या डोळ्यांसमोर एकच चित्र येतं: फ्लॅट दाखवत फिरायचं आणि कमिशन मिळवायचं. त्या कामाला मी कमी लेखत नाही. पण माझं ठाम मत असं आहे, की पुण्यात आज घरं विकणाऱ्यांपेक्षा घराचे कागद वाचणाऱ्यांची आणि उभी इमारत सांभाळणाऱ्यांची गरज जास्त आहे. पावणेदोनशे वर्षांपेक्षा जुनी कागदपत्रं आणि पन्नाशीला आलेल्या सोसायट्या, दोन्ही या जिल्ह्यात आहेत.

आधी एजंटच्या कामाबद्दल थोडक्यात. बांधकाम व्यवसायावर नियंत्रण ठेवणारा २०१६ चा रेरा कायदा आला, २०१७ मध्ये त्याची अंमलबजावणी करणारं राज्याचं प्राधिकरण, महारेरा, सुरू झालं आणि हे काम नुसत्या ओळखीपाळखीवर चालणारं राहिलं नाही. एजंटला महारेराकडे नोंदणी करावी लागते. २०२३ पासून त्यासाठी प्रशिक्षण आणि परीक्षाही सक्तीची झाली. ही फार चांगली गोष्ट झाली, कारण चटई क्षेत्र, म्हणजे कार्पेट एरिया, नेमकं काय हे नीट सांगू शकणारा माणूस गिऱ्हाइकाचे लाखो रुपये वाचवतो. साइटवर विक्रीची नोकरी धरणाऱ्यांना मात्र एक कळकळीचं सांगणं: शनिवार-रविवार सुट्टी मिळणार नाही हे गृहीत धरा, आणि ठरलेला पगार किती, कमिशन कशावर आणि ते कधी हातात पडणार, हे रुजू होण्याआधी लेखी घ्या. नोकरी लावून देतो म्हणून कुणी पैसे मागितले, तर तिथून उठा.

आता कागदांकडे येऊ. वाघोली, मांजरी, माण, म्हाळुंगे या पट्ट्यात कालपरवापर्यंत शेतं होती. तिथल्या प्रत्येक टॉवरखाली एक सातबारा आहे. सातबारा हातात घेणारे पुष्कळ असतात, वाचणारे कमी. जमीन धरणारा, म्हणजे भोगवटादार, वर्ग एकचा की वर्ग दोनचा, यावरच विकण्याआधी सरकारी परवानगी लागते की नाही ते ठरतं. इतर हक्कांच्या रकान्यात कधी बँकेचा बोजा असतो, कधी कुळाचं नाव, कधी एखाद्या बहिणीचा हक्क. जमीन पूर्वी वतनाची असेल तर प्रश्न आणखी गुंतागुंतीचा होतो. मग एकेक फेरफार, म्हणजे हक्क बदलल्याची नोंद, काढत मागे जायचं, सूची क्रमांक दोनचे, म्हणजे नोंदलेल्या दस्तांच्या गोषवाऱ्याचे, उतारे बघायचे आणि साधारण तीस वर्षांचा शोध अहवाल तयार करायचा. सही वकिलाची असते, पण हे शोधायचं काम करणाऱ्या सहायकांना मागणी आहे. मराठी चांगलं असलेल्या, जुन्या दस्तांतली भाषा कळणाऱ्या आणि मोडी वाचता येणाऱ्या मुलामुलींसाठी तर ही खास जागा आहे. मराठी घेऊन बीए करणाऱ्यांनी हे जरूर ध्यानात ठेवावं.

मोजणीचंही तसंच. १८३० च्या दशकात गोल्डस्मिड आणि विंगेट या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी इंदापूर तालुक्यात जमिनीची जी मोजणी आणि प्रतवारी केली, तिच्यावर पुढे सगळ्या मुंबई इलाख्याची पद्धत उभी राहिली. साखळीनं मोजण्यापासून आज उपग्रहाच्या मदतीनं मोजणाऱ्या रोव्हर आणि ड्रोनपर्यंत आपण आलोय. भूमी अभिलेख खात्यात भूकरमापकांची भरती होते. तिच्यासाठी स्थापत्य पदविका किंवा आयटीआयचा सर्व्हेअर अभ्यासक्रम उपयोगी पडतो. जमाबंदी आयुक्त, नोंदणी महानिरीक्षक, नगररचना संचालक, सहकार आयुक्त, या चारही खात्यांची राज्याची मुख्यालयं आपल्या शहरात आहेत, हे पुण्याच्या मुलांना बऱ्याचदा माहीतच नसतं.

आणि आता माझ्या सर्वात जिव्हाळ्याचं काम, सोसायटीचा मॅनेजर. चारशे फ्लॅटची सोसायटी म्हणजे एक छोटं गाव असतं. लिफ्टचे देखभाल करार, सांडपाणी प्रक्रिया प्रकल्प, जनरेटर, सुरक्षारक्षक, उन्हाळ्यातले टँकर, मेंटेनन्सची बिलं, थकबाकी, ऑडिट, आणि ३० सप्टेंबरच्या आत वार्षिक सर्वसाधारण सभा. इमारत पंधरा वर्षांची झाली की दर पाच वर्षांनी संरचनात्मक तपासणी, तीस वर्षांनंतर दर तीन वर्षांनी. आदर्श उपविधींत, म्हणजे सोसायट्यांच्या नमुना नियमांत, हे सगळं लिहिलेलं आहे. पण हे बघणारे सेक्रेटरी आणि खजिनदार हे मानद, आपापली नोकरी सांभाळून रात्री दहाला हिशेब घेऊन बसणारे. त्यांना शिकलेला, पगारी, विश्वासाचा माणूस हवा असतो आणि तो मिळत नाही. त्यामुळे बऱ्याच ठिकाणी वॉचमनच्या सुपरवायझरवर सगळा भार पडतो, आणि सिंकिंग फंडाचा, म्हणजे इमारतीच्या मोठ्या कामांसाठी साठवलेल्या पैशाचा, हिशेब कुणालाच सांगता येत नाही. याचा मला मनापासून त्रास होतो, कारण तो लोकांच्या आयुष्यभराच्या कमाईचा पैसा आहे.

याच कामात एरंडवणे, कोथरूड, सहकारनगर इथल्या जुन्या सोसायट्यांच्या पुनर्विकासाची भर पडली आहे. सहकारी संस्था कायद्याच्या कलम ७९अ खालच्या सरकारी निर्देशांनुसार सभा कशी बोलवायची, इतिवृत्त कसं लिहायचं, निविदांची तुलना कशी मांडायची, सत्तरीतल्या आजोबांना करारातलं, घर बांधून होईपर्यंतचं भाडं आणि बिल्डरनं द्यायची बँक हमी कशी समजावायची, हे जमणारी व्यक्ती सल्लागार वास्तुविशारदाच्या ऑफिसात सोन्यासारखी जपली जाते. इथे गोड बोलण्यापेक्षा अचूक बोलणं लागतं.

बांधकामावर हातानं काम करणारेही याच क्षेत्रातले. सकाळी वारज्याला, दांडेकर पुलाजवळ मजूर अड्ड्यावर उभ्या राहणाऱ्या गवंडी, सेंट्रिंग, फरशी, रंगकाम करणाऱ्या माणसांच्या घरांत हा कार्यक्रम कुणी ऐकत असेल, तर एवढं ऐका. आदल्या वर्षात ९० दिवस काम केलेलं असेल आणि वय १८ ते ६० च्या दरम्यान असेल, तर इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळात नोंदणी करता येते. मुलांच्या शिक्षणासाठी मंडळाच्या योजना आहेत. आयटीआयला जाणाऱ्या मुलानं वायरमन किंवा प्लंबरचं काम शिकलं, तर नव्या सोसायट्यांच्या देखभालीत त्याला नियमित पगाराची जागा मिळू शकते.

ज्यांना सोसायटी व्यवस्थापनाकडे वळायचंय, त्यांच्यासाठी सहकार खातं दरवर्षी जीडीसी अँड ए (सहकार व लेखा विषयाची शासकीय पदविका) आणि सीएचएम (सहकारी गृहनिर्माण व्यवस्थापनाचं प्रमाणपत्र) या परीक्षा घेतं. पहिली पदवीधरांसाठी, लेखापरीक्षणाच्या वाटेनं जायचं असेल तर. दुसरी थेट गृहनिर्माण संस्थांच्या व्यवस्थापनाची. जाहिरात सहकार आयुक्तालयाच्या संकेतस्थळावर येते, अर्जही ऑनलाइन भरता येतो. तोवर दोन गोष्टी लगेच करता येतील. महाभूलेख या सरकारी संकेतस्थळावर आपल्या गावाकडच्या जमिनीचा सातबारा मोफत बघता येतो. तो उघडा आणि एकही रकाना न सोडता वाचा. आणि आईवडील ज्या सोसायटीचे सभासद असतील, तिचा मागच्या वर्षीचा ताळेबंद त्यांच्यामार्फत मागून घ्या. सभासदाला तो पाहण्याचा हक्क कायद्यानंच दिलेला आहे. वाचताना जे अडेल ते वहीत लिहून ठेवा आणि सोसायटीच्या ऑडिटरला भेटून विचारा. नमस्कार.