भिंतीवरचा निळा कोट

सहा डिसेंबरला दादरच्या शिवाजी पार्कात पुस्तकांचे, कॅलेंडरांचे, तसबिरींचे स्टॉल लागतात. चैत्यभूमीवरून आलेली माणसं बाबासाहेब आंबेडकरांच्या तसबिरी निरखून बघतात. चष्मा नीट आलाय का, टाय आहे का, खिशाला पेन आहे का. पेन नसेल तर हात शेजारच्या फ्रेमकडे जातो.

बाबासाहेबांचे बहुतेक फोटो कृष्णधवल. कोटाचा निळा रंग नंतर चित्रकारांनी भरला. १९४२ साली स्थापन झालेल्या त्यांच्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशन या पक्षाचा झेंडाही निळाच होता. बाबासाहेब काही कायम सुटातच नसत. १४ ऑक्टोबर १९५६ला नागपुरात धम्मदीक्षा घेतली, तेव्हा ते पांढऱ्या रेशमी धोतरात आणि पांढऱ्या कोटात होते. तरी घरोघरी पोचला तो सूटच. ही निवड लोकांची आहे, आणि ती समजून घ्यायची तर महाडला जावं लागतं.

डिसेंबर १९२७. सत्याग्रहासाठी जमलेल्या स्त्रियांशी बाबासाहेब बोलले ते लुगड्याबद्दल आणि दागिन्यांबद्दल. आखूड नेसलेलं लुगडं, गळाभर गळसऱ्या, हातात कोपरापर्यंत कथलाचे नाहीतर चांदीचे गोट. लांबूनच जात कळावी अशा या खुणा. त्या टाका, लुगडं इतर बायकांसारखं नेसा, असं त्यांनी सांगितलं. बायकांनी ते लगेच मनावर घेतलं.

अंगावर काय घालायचं हे ज्यांच्या बाबतीत गाव ठरवायचं, त्यांच्या भिंतीवर आता कडक इस्त्रीच्या सुटातला आपला माणूस आहे. या तसबिरीची ताकद मला इथे दिसते. पूर्वीची ओळख दुसऱ्यांनी लादलेली होती, ही स्वतः निवडलेली आहे.

बुद्धाच्या शेजारी ती लागते. त्या दोन प्रतिमांसमोर लग्नं होतात. अभ्यासाला बसलेल्या पोरीला मान वर केली की पेन दिसतं, पुस्तक दिसतं.

शहरात भाड्याचं घर घेताना मात्र अजून घरात बोलणं होतं: तसबीर बाहेरच्या खोलीत लावायची की आतल्या? घरमालकाची नजर भिंतीवर गेली की त्याचे प्रश्न बदलतात, हे अनेकांनी सोसलंय. हा विचार आजही करावा लागतो, याची चीड यायलाच हवी. आणि तरीही, ‘बाहेरच लाव, दारातून दिसली पाहिजे,’ असं मुलाला ठणकावून सांगणाऱ्या आया आहेत.