वेचणीला गेलेला कोच

श्रोतेहो, नमस्कार.

आज बोलायचंय एडी रॉबिन्सन यांच्याविषयी. अमेरिकेतल्या लुइझियाना राज्यातले. त्यांचा खेळ फुटबॉल, पण कोल्हापुरात आणि गोव्यात रंगतो तो नव्हे. हा अमेरिकन फुटबॉल. चेंडू लंबगोल आणि बराच वेळ हातात. यातला क्वार्टरबॅक म्हणजे डाव चालवणारा गडी. चेंडू फेकायचा, दुसऱ्याच्या हाती द्यायचा की स्वतःच घेऊन पळायचं, हे त्यानं क्षणात ठरवायचं. नियम आपल्याला एवढे पुरेत.

रॉबिन्सन 1919 सालचे. वडील दुसऱ्याची जमीन वाट्यानं कसणारे, आई लोकांकडे घरकाम करणारी. लीलंड कॉलेजात ते क्वार्टरबॅक होते. शिकले, पण त्या काळच्या लुइझियानात शिकलेल्या काळ्या तरुणाला विचारतो कोण? बॅटन रूजमध्ये पशुखाद्याच्या गिरणीत लागले, तासाला 25 सेंट. 1941 मध्ये ग्रॅम्बलिंग गावातल्या कृष्णवर्णीयांच्या छोट्याशा कॉलेजला कोच हवा होता. 22 व्या वर्षी ते तिथे रुजू झाले. कोच म्हणजे काय, तर मैदानाचं गवत कापा, रेघा आखा, पोरांच्या घोट्यांना पट्ट्या बांधा, सामना झाला की पेपरला बातमीही तुम्हीच लिहून द्या. दौऱ्याला निघताना सँडविचेस बांधून घ्यायची, कारण वाटेतल्या गोऱ्यांच्या हॉटेलांत या पोरांना बसू देत नसत. दुसऱ्याच मोसमात संघानं नऊपैकी नऊ सामने जिंकले, समोरच्याला एकही गुण न देता.

आणि मग युद्ध आलं. 1943 आणि 44 साली कॉलेजचा संघच बंद. रॉबिन्सन गावातल्या हायस्कुलाच्या पोरांना शिकवू लागले. संघ छान बांधला गेला, आणि ऐन वेळी दोन मोहरे गळाले. वडिलांनी सांगितलं, खेळ पुरे, कापूस वेचायचाय.

आता यवतमाळ-अकोल्याच्या, जळगाव-परभणीच्या श्रोत्यांनो, तुम्हीच सांगा, त्या बापाचं काय चुकलं? पऱ्हाटीला बोंडं फुटली की ती कुणासाठी थांबत नाहीत. वरून एक सर आली की कापूस डागाळला, भाव गेला. घरातला एकेक हात लागतो. आपल्याकडेही वेचणीच्या दिवसांत वर्गातली हजेरी पातळ होते, मग पालकांना बोलावून दम दिला जातो. दम द्यायला काय लागतं? तीच शाळा खेळाचा तास गणिताला देऊन मोकळी होते, हेही जाता जाता सांगून टाकतो. असो.

रॉबिन्सन यांनी उरलेला संघ गोळा केला आणि शेत गाठलं. पुन्हा सांगतो, अख्खा संघ, कोचसकट, कापूस वेचायला! तिकडे आपल्यासारखी ओटी बांधत नसत. खांद्याला पट्टा अडकवून लांबलचक पिशवी मागे ओढत तासातून पुढे सरकायचं. पिशवी भरत जाते तशी जड होते, कंबर धरते, बोंडांच्या वाळक्या टोकांनी नखांच्या कडा सोलतात. आणि वेचणारी पोरं कोण? एकमेकांना मैदानात आडवं पाडायला शिकलेली. बापाला समजवायला रॉबिन्सननी चार शब्द खर्चले असतील-नसतील. कापूस मात्र वेचला. काम उरकलं, दोन्ही पोरं संघात परतली, आणि हायस्कुलानं अजिंक्यपद मारलं.

ही गोष्ट कितीदाही सांगायला मी तयार असतो. पुढचं मात्र झपाट्यानं सांगतो.

युद्धानंतर कॉलेजचा संघ पुन्हा उभा राहिला. 1954 मध्ये रॉबिन्सन यांनी आयोवा विद्यापीठाची एम.ए. पदवी घेतली. सकाळी गाईच्या गळ्यातली घंटा वाजवत ते होस्टेलमधून फिरायचे, पोरांना उठवायला. सरावासाठी नव्हे हं, तासाला बसवायला! 1985 मध्ये डॅलस इथे 324 वा विजय मिळवून त्यांनी नामवंत कॉलेज कोच बेअर ब्रायंट यांचा सर्वाधिक विजयांचा विक्रम मोडला. 1997 ला थांबले तेव्हा आकडा होता 408. चारशे आठ! त्यांचे 200 हून अधिक खेळाडू व्यावसायिक फुटबॉलमध्ये गेले. ते स्वतः म्हणायचे, माझा खरा विक्रम एकच नोकरी आणि एकच बायको.

त्यांचाच एक क्वार्टरबॅक, डग विल्यम्स. 1988 च्या सुपर बोलमध्ये, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलच्या अंतिम सामन्यात, दुखरा गुडघा घेऊन त्यानं दुसऱ्या सत्रात चार टचडाउन पास, म्हणजे थेट गुण मिळवून देणारे पास, फेकले आणि वॉशिंग्टनच्या संघाला 42-10 असं जिंकून दिलं. सुपर बोल जिंकून देणारा तो पहिला कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक. 1998 मध्ये ग्रॅम्बलिंगला नवा कोच नेमायचा होता, तेव्हा सरांच्या जागी आला तो हाच विल्यम्स.