शेवटचं ‘नी’ ऐकू येईपर्यंत

(दृश्य: अंधारी खोली. एडिटिंग टेबलवर फिल्मचं रीळ, बाजूला खिळ्यांना टांगलेल्या कापलेल्या पट्ट्या.)

एक साधं वाक्य घेऊ. ‘मला तो दिसत नाही.’ दक्षिण आफ्रिकेतल्या अफ्रिकान्स भाषेत हेच वाक्य असं म्हणतात: ‘एक कान हॉम नी सीन नी.’ नकार दोनदा येतो, एकदा मध्ये आणि पुन्हा अगदी शेवटी. त्या शेवटच्या ‘नी’च्या आधी शॉट कापला, तर वाक्य लंगडं होतं. इंग्रजीत नकार मध्येच होऊन जातो, तिथे थोडं आधी कापलेलं चालतं. मराठी माणसाला हे सांगावं लागत नाही, आपलं ‘नाही’सुद्धा शेवटीच येऊन बसतं.

(दृश्य: वाळवंट. एक लहान मुलगा आणि त्याचा कुत्रा.)

1969 च्या सुमारास दक्षिण आफ्रिकेतले दिग्दर्शक जेमी उइस यांनी ‘डर्की’ हा चित्रपट बनवला, अफ्रिकान्समध्ये आणि इंग्रजीतही. कालाहारीत विमान कोसळतं, आठ वर्षांचा मुलगा एकटा उरतो. मुलाच्या भूमिकेत त्यांचा स्वतःचाच मुलगा, वडिलांच्या भूमिकेत ते स्वतः. गोष्ट एक, भाषा दोन, म्हणजे कट दोनदा बसवायचे. वाक्याची लांबी बदलली की ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर कधी जायचं, तेही बदलतं.

उइस यांचा जन्म 1921 चा, बोक्सबर्गचा. आधी गणिताचे शिक्षक. मग पत्नी हेटीबरोबर पलाला नदीकाठी शेती आणि दुकानं. 1951 मध्ये पहिला चित्रपट, अफ्रिकान्समध्ये. लिहायचं, दिग्दर्शन करायचं, अभिनय करायचा आणि पुढे संकलनालाही स्वतःच बसायचं. 1956 पासून सरकारी अनुदान सुरू झालं, त्यात अफ्रिकान्स चित्रपटांना झुकतं माप होतं. त्या आधारावर बरेच जण उभे राहिले. उइस मात्र टिकले ते हातातल्या कलेवर, असं मला मनापासून वाटतं.

(दृश्य: धुळीचा रस्ता, लाकडी फाटक.)

‘द गॉड्स मस्ट बी क्रेझी’, 1980. संकलन स्टॅनफर्ड ॲलन आणि स्वतः उइस यांचं. त्यातली ती खटारा लँड रोव्हर आठवते? फाटक उघडायला चालकानं उतरायचं, आणि गाडीनं त्याची वाट न बघता चालू पडायचं. कॅमेरा सेकंदाला चोवीसपेक्षा कमी फ्रेम्स टिपतो, पडद्यावर चोवीसच्या गतीनं दाखवलं की माणूस तुरुतुरु पळताना दिसतो. पण हसू येतं ते नुसत्या वेगानं नाही. माणूस मागे वळून बघतो, त्या क्षणी कट. दोन फ्रेम्स उशीर झाला तरी मजा गेली.

याच हातांनी त्याआधी, 1974 मध्ये, वन्यप्राण्यांवरचा माहितीपट केला होता. त्याला गोल्डन ग्लोब मिळालं. मारुलाची पिकलेली फळं खाऊन झिंगलेले प्राणी, हे त्यातलं गाजलेलं दृश्य. हत्तीला या फळांनी नशा चढणं जवळजवळ अशक्य आहे, हे 2006 मध्ये संशोधकांनी हिशेब मांडून दाखवलं. फळाचा शॉट, मग झोकांडीचा शॉट. मधलं नातं प्रेक्षक स्वतःच जोडतो. संकलनाची ताकद ती हीच, आणि ती मला अस्वस्थ करते.

(दृश्य: नामिबिया, त्सुमक्वे. पत्र्याची घरं, हातपंप.)

कारण प्राण्यांच्या बाबतीत जे झालं, तेच माणसांच्या बाबतीतही झालं. ‘द गॉड्स मस्ट बी क्रेझी’ सांगतो, कालाहारीतल्या सान या आदिवासी लोकांना बाहेरच्या जगाची गंधवार्ताही नाही. प्रत्यक्षात त्याच वर्षांत त्सुमक्वेत त्यांची वस्ती होती, दुकान होतं, आणि दक्षिण आफ्रिकेचं लष्कर सान पुरुषांची भरती करत होतं. यातली एकही फ्रेम चित्रपटात नाही.

(दृश्य: कड्याचं टोक. खाली ढग.)

याच चित्रपटाच्या शेवटी नायक, म्हणजे सान अभिनेता न्काउ, आकाशातून पडलेली बाटली कड्यावरून फेकतो. ती ढगांत दिसेनाशी होते. तो क्षणभर थांबतो, मग घरी निघतो. मुलं धावत येतात, तो त्यांना मिठीत घेतो.

इथे कट घाईनं येत नाही.