भांडण नाही, तरी अबोला

वर्गात दोघी अजून शेजारीच बसतात. मधली सुट्टी झाली की एक घोळक्यात जाते, दुसरी वहीच्या मागच्या पानावर रेघोट्या ओढत बसते. काय झालं विचारलं, तर दोघींचं उत्तर एकच: "काही नाही."

बऱ्याचदा खरंच काही घडलेलं नसतं. मुलींमध्ये वयात येण्याची सुरुवात साधारण 8 ते 13 वर्षांच्या दरम्यान कधीही होते. त्यामुळे एकाच वयाच्या मैत्रिणी वाढीच्या अगदी वेगळ्या टप्प्यांवर असू शकतात. एकीला अजून लपाछपीत रस, दुसरीला आपण कशा दिसतो याची काळजी. पहिलीला वाटतं, ही बदलली. दुसरीला वाटतं, ही लहानच राहिली.

त्यात तिसरी आली की दोघींचा वेगळा ग्रुप निघतो. मेसेज वाचल्याची निळी खूण दिसते, उत्तर येत नाही. बोलावलंच नव्हतं, हे फोटो बघून कळतं.

घट्ट मैत्रीतही एक गोष्ट जपावी लागते. मानसशास्त्रज्ञ अमांडा रोज यांनी 2002 साली मित्रमैत्रिणी एकच अडचण मिळून पुन्हा पुन्हा कशा उगाळतात, याचा अभ्यास मांडला. मुलींमध्ये हे मुलग्यांपेक्षा जास्त आढळलं. याने जवळीक वाढते, पण चिंता आणि उदासीही वाढते. म्हणून मन मोकळं झालं की "मग आता काय करायचं?" हा प्रश्न यायलाच हवा. नाहीतर उठून फिरून यावं, विषय बदलावा.

दुरावा बोलून दाखवायचा तर समोरासमोर, दोघीच असताना, एकाच प्रसंगाबद्दल: "शनिवारी तुम्ही गेलात ते मला फोटोतून कळलं. वाईट वाटलं." "तू नेहमीच असं करतेस" म्हटलं की समोरची बचावाला लागते. निरोप तिसरीकरवी तर मुळीच पाठवू नये. पोचेपर्यंत त्याचा अर्थ बदललेला असतो.

आईवडिलांनी आधी पूर्ण ऐकून घ्यावं. त्या मुलीला नावं ठेवू नयेत. चार दिवसांत दोघी पुन्हा एकत्र आल्या, तर लेक पुढचं काही घरी सांगणार नाही.

मात्र गुपितं पसरवणं, स्क्रीनशॉट फिरवणं, सगळ्यांनी ठरवून वाळीत टाकणं हा छळ आहे. पुरावे जपून वर्गशिक्षकांशी बोलावं. झोप, जेवण बिघडलं, शाळा नको वाटू लागली आणि हे दोन आठवडे टिकलं, तर समुपदेशकाकडे जावं. जगण्याचाच कंटाळा आला असं ती बोलली, तर त्याच दिवशी.