तलवारीआधी बॅले

हा सीन नीट बघा. खानावळ, एका टेबलाशी एक तरुण एकटाच बसलाय, आणि आजूबाजूचे गुंड हळूहळू जवळ सरकतायत. तो घाबरत नाही, उठतही नाही. हा तरुण म्हणजे खरं तर पुरुषाच्या वेशातली मुलगी, गोल्डन स्वॅलो, आणि ती करणारी चेंग पेई-पेई तेव्हा जेमतेम विशीची. सिनेमा 'कम ड्रिंक विथ मी', 1966, हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स या सिनेमा कंपनीचा.

आता मारामारी सुरू झाली की तलवारीकडे बघू नका, तिचे पाय बघा. किती हलके पडतायत, गर्रकन वळून ती थांबते तेव्हा जराही तोल जात नाही, नुसती उभी राहते आणि समोरचे चार पावलं मागे सरतात. ही कुंग फूची तालीम नाहीये. पेई-पेई शांघायची, 1946चा जन्म, लहानपणी बॅले शिकलेली. दिग्दर्शक किंग हू पेकिंग ऑपेरात, म्हणजे चीनच्या पारंपरिक गाणं-नाच-कसरतीच्या नाटकात, मुरलेला माणूस, त्याला मारामारीसुद्धा तालात हवी असायची, म्हणजे वार, मग एकदम स्तब्धता, मग पुन्हा वार, आणि त्या तालाला नाचणारीच मुलगी लागते. ब्रूस लीचा 'द बिग बॉस' यायला अजून पाच वर्षं होती! आपल्याकडे कुंग फू म्हटलं की सगळं त्याच्यापासूनच सुरू होतं, म्हणून हे मुद्दाम सांगावंसं वाटतं.

1968 मध्ये 'गोल्डन स्वॅलो' आला, नाव तिच्या पात्राचं पण गोष्ट हिरोकडे गेली, पुढे पडदा पुरुषांचाच झाला. मग लग्न, अमेरिका, मुलं.

आणि आता ही बघा, 2000, 'क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन'मधली जेड फॉक्स. तीच पेई-पेई, यावेळी खलनायिका, आणि तिची शिष्या झाली झांग झियी, तीही बीजिंगच्या नृत्यशाळेतून आलेली. याच सिनेमात झियी पुरुषाच्या वेशात एका खानावळीत बसते, आजूबाजूला गुंड जमतात... दिग्दर्शक अँग ली यांनी किंग हूंना केलेला नमस्कारच तो. दोन्ही फ्रेम शेजारी शेजारी ठेवतो. डावीकडे 1966, उजवीकडे 2000.

17 जुलै 2024 ला पेई-पेई गेल्या, 78 वर्षांच्या होत्या, मेंदूचा दुर्मिळ आजार होता, मेंदू संशोधनासाठी दान केला.

डावीकडची फ्रेम आता मोठी करतो. आवाज बंद. पाय बघा.