कीचकाचे संवाद कुणी म्हटले?

नमस्कार मंडळी. मागं ऐकू येतंय ना? नसेल तर पुढं या, खुर्च्या आहेत.

आपल्या कोल्हापुरात खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्तंभ आहे बघा, रोज तिथनं गाडी काढतो आपण, पण मान वर करून कोण बघतंय? तर ज्या माणसासाठी तो उभा आहे त्या बाबूराव पेंटरांच्या पहिल्या पिक्चरबद्दल आज बोलायचं आहे. 'सैरंध्री'.

गोष्ट तुम्हाला माहीतच आहे. पांडव अज्ञातवासात, द्रौपदी विराटाच्या घरी सैरंध्री या नावानं दासी, राणीचा भाऊ कीचक तिच्या मागं लागतो आणि भीम त्याला संपवतो. यावर कृ. प्र. खाडिलकरांनी 'कीचकवध' लिहिलं, १९०७ ला स्टेजवर आलं. नावाला महाभारत, आत सगळं त्या वेळचं राजकारण. कीचक म्हणजे व्हाइसरॉय कर्झन, द्रौपदी म्हणजे देश, थांबा थांबा म्हणणारा धर्मराज म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल, हे कुणाला फोड करून सांगावं लागत नव्हतं. १९१० ला सरकारनं बंदीच घातली.

आणि दहा वर्षांनी तीच गोष्ट पडद्यावर येते, पण मुकी! ज्या नाटकाचा सगळा जोर बोलण्यात त्याचं बोलणंच गेलं, मग राहिलं काय? मला बरीच वर्षं हा घाट्याचा सौदा वाटायचा, खरं सांगतो. आता नाही वाटत.

कारण पिक्चर लागला कुठं, तर ७ फेब्रुवारी १९२० ला पुण्यात आर्यन थेटरात. आणि बघणाऱ्यांत कोण, तर टिळक. खाडिलकर त्यांच्याच 'केसरी'तले, नाटकावर बंदी आली तेव्हा टिळक स्वतः मंडालेच्या तुरुंगात. आता या माणसाला मूकपटात मधेमधे येणारी मजकुराची पाटी वाचायची काय गरज? पडद्यावर कीचक नुसता डोळे रोखून उभा राहिला तरी बाकीचं बघणाऱ्यानं मनात म्हणून घेतलं असणार, आणि मनातल्या संवादावर कुठलं सरकार बंदी घालणार ओ? 'सिनेमा केसरी' ही पदवी टिळकांनी दिली ती याच पिक्चरनंतर.

पण नुसतं राजकारण धरून बसलो तर बाबूरावांवर अन्याय होईल. हा गडी मूळचा नाटक कंपन्यांचे पडदे रंगवणारा, आनंदराव पेंटरांबरोबर. कॅमेरा पण इथंच बनवायला घेतला, १९१६ ला आनंदराव गेले, मग दामल्यांना हाताशी धरून १९१८ ला तो पुरा केला, पैशाला गायिका तानीबाई कागलकर उभ्या राहिल्या, तेव्हा कुठं महाराष्ट्र फिल्म कंपनी चालली. आणि पडदे रंगवण्यात हात बसलेल्या या माणसानं पिक्चर काढताना पहिल्यांदा काय फेकून दिलं असेल, तर रंगवलेला पडदा! त्याच्या जागी खरे खांब, खऱ्या पायऱ्या, माणूस मागं जाऊन पुढं येईल असा सेट. शॉट आधी कागदावर काढायचे, कपडे दागिन्यांसकट. त्या वेळच्या फिल्मवर लाल रंग काळा यायचा आणि निळं आभाळ पांढरं पडायचं, म्हणजे डोळ्याला दिसतं ते तसं येतच नाही, अशा ठिकाणी चित्रकार लागतोच.

नाटकात द्रौपदी पुरुषच करायचा. इथं बाबूरावांनी बायका घेतल्या, गुलाबबाई आणि अनसूयाबाई, पडद्यावरची नावं कमलादेवी आणि सुशीलादेवी. लोकांची बोलणी त्यांना खावी लागली, आणि त्यांच्याबद्दल आपण कधी एक कार्यक्रम सुद्धा केलेला नाही, असो.

आता वध. तो म्हणे इतका खरा वाटला की थेटरात लोक घाबरून ओरडले आणि शेवटी सेन्सॉरनं तो सीन काढायला लावला. मला इथंच मजा वाटते. नाटक अडलं ते त्याच्या अर्थापायी, पिक्चर अडला तो नुसत्या दिसण्यापायी. आपण कुस्तीच्या गावची माणसं, आपल्याला वेगळं सांगायला नको, आखाड्यात कुणी डायलॉग म्हणतं काय? पट काढला की बघणाऱ्याचाच श्वास अडकतो.

प्रिंट आज कुठंच नाही. म्हणून एक विनंती, जुन्या पेठांतल्या कुणाच्या माळ्यावर ट्रंक असेल, त्यात कंपनीचं छापील पुस्तक, जाहिरात, फोटो काही निघालं तर रद्दीत घालू नका, आधी मला दाखवा. वाळवी लागलेलं असलं तरी चालेल.